कॉइल गुंडाळणारे हात आणि आपला टीव्हीचा धंदा: नेमकं काय गेलं?

कृष्णाकाठ (सांगली)

नमस्कार मंडळी,

गेल्या आठवड्यात विश्रामबागच्या घराचा माळा साफ केला. जुन्या गाद्यांच्या मागे आईचं वाइंडिंग मशीन निघालं. लोखंडी पाया, लाकडी मुठीचं हँडल आणि कडेला वेढे मोजणारा चार आकड्यांचा काउंटर. शेवटचा आकडा ७ वर अडकलाय, पण हँडल अजून लोण्यासारखं फिरतं. सोबतच्या डब्यात रिकाम्या बॉबिन, इंग्रजी ई अक्षराच्या आकाराचे फेराइटचे (ट्रान्सफॉर्मरच्या चुंबकीय गाभ्याचे) काळे तुकडे आणि पिवळी टेप. झाकण उघडल्याबरोबर वार्निशचा तोच वास आला आणि मी तिथेच बसून राहिलो.

१९८६ ते २००५ आईने कुपवाडला एका भाड्याच्या शेडमध्ये कॉइल वाइंडिंगचं काम केलं. हाताखाली १४ बायका. टीव्हीसाठी लागणारे ड्रायव्हर ट्रान्सफॉर्मर, चोक आणि नंतर रंगीत टीव्हीच्या डिगॉसिंग कॉइल, म्हणजे ट्यूबवरचं नको असलेलं चुंबकत्व घालवणाऱ्या. जुना रंगीत टीव्ही चालू केला की आधी 'धम्म' असा घुमल्यासारखा आवाज यायचा, आठवतो? तो या कॉइलचा. पिक्चर ट्यूबभोवती काळ्या टेपने गुंडाळलेलं तांब्याच्या तारेचं मोठं कडं असायचं. कितीतरी घरांतल्या टीव्हीत ते आमच्या शेडमध्ये गुंडाळलेलं असेल.

ड्रायव्हर ट्रान्सफॉर्मरची ३८ गेजची तार केसाएवढी. उजव्या हाताने हँडल मारायचं आणि डाव्या हाताच्या दोन बोटांत कापडाच्या चिंधीतून तार सोडायची. जरा जास्त ओढली तर वरचं इनॅमल तडकतं आणि आत शॉर्ट होतं. सैल सोडली तर वेढे फुगतात आणि कोर बसत नाही. नवीन बाई आली की आई तिला पहिला पंधरवडा फक्त जुन्या बॉबिन सोडवायला द्यायची. तार किती ओढ सहन करते ते बोटांना आधी कळू दे म्हणायची.

२००१ नंतर दर पडत गेले. २००४ च्या दिवाळीआधी पुण्याच्या एका टीव्ही कंपनीचा खरेदीवाला माणूस एक खोकं घेऊन आला. आत चीनमधून आलेला तयार ट्रान्सफॉर्मर, वार्निश मारून, टेस्ट करून, नंबर छापलेला. आम्हाला नुसती तांब्याची तार ज्या भावात पडायची, त्या भावात अख्खा नग. आईने तो हातात घेतला, उलटसुलट पाहिला आणि म्हणाली, "काम चांगलं आहे." त्या कंपनीकडचे आमचे शेवटचे तीन महिन्यांचे पैसे आजतागायत आले नाहीत. पुढच्या उन्हाळ्यात शेड रिकामी केली.

सगळे म्हणतात चीनने मारलं. मला एवढ्यावर समाधान होत नाही. ओनिडा, बीपीएल, व्हिडिओकॉन, वेस्टन, डायनोरा, क्राउन, अपट्रॉन, केल्ट्रॉन एवढी नावं होती आपल्याकडे. व्हिडिओकॉनचा चितेगावचा कारखाना तर आपल्याच महाराष्ट्रातला. हे सगळं वीस-पंचवीस वर्षांत कसं विरघळलं? ज्यांनी जवळून पाहिलंय त्यांनी कृपया लिहा.

सोल्डरगन (सातारा)

दादा, वाचून अंगावर काटा आला. मी १९८३ पासून दुरुस्तीत आहे, पोवई नाक्याजवळ बसतो.

सुरुवात सांगतो. १९८२ च्या दिल्ली एशियाडला रंगीत प्रक्षेपण आलं, मग गावोगावी टीव्हीची टॉवरं झाली आणि मागणी अशी उसळली की कुणीही टीव्ही बनवू लागला. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून ब्लॅक अँड व्हाइटचा किट आणायचा, सुताराकडून शटरचं कॅबिनेट करून घ्यायचं, आपल्या नावाची पट्टी चिकटवायची, झाला ब्रँड. मी स्वतः असे चाळीसेक सेट जोडलेत. सरकारचं धोरणही लहान कारखान्यांना काम मिळावं असंच होतं. म्हणून ब्रँड पुष्कळ आणि प्रत्येकाचं उत्पादन बारकं.

पण आतला माल बराचसा आपला असायचा, हे आजच्या पोरांना सांगावं लागतं. बंगळुरूच्या भारत इलेक्ट्रॉनिक्सच्या पिक्चर ट्यूब आणि ट्रान्झिस्टर. एसएल १०० हा ट्रान्झिस्टर तर आम्हाला पाठ. पत्र्याची गोल टोपी, कडेला बारीक कान, कानाजवळचा पाय एमिटर, टोपीला जोडलेला कलेक्टर. डोळे मिटून बोटाने ओळखायचो. पिलानीच्या सीरी संस्थेने टीव्हीचं देशी डिझाइन करून दिलं होतं. रंगीत ट्यूबा सॅमटेल आणि जेसीटी इथेच बनवत होत्या.

आता दुसरी बाजूही सांगतो, ताटात वाढलेलं सगळं गोड नव्हतं. पावसाळा लागला की माझ्याकडे एलओटी (ट्यूबला चढा दाब देणारा ट्रान्सफॉर्मर) जळालेल्या सेटची रांग लागायची. सगळीच कंपनी तुमच्या आईंसारखी काळजी घेणारी नव्हती. वार्निश नीट वाळवलेलं नसायचं, दमट हवेत वेढ्यांमध्ये ठिणगी पडायची. ड्राय सोल्डर, म्हणजे नीट न धरलेला जोड, तर प्रत्येक तिसऱ्या बोर्डावर. कोरियन सेट आले आणि माझं गिऱ्हाईक निम्म्यावर आलं, कारण ते बिघडतच नव्हते. ही गोष्ट मी विसरू शकत नाही.

वाचनवेडी_मिरज

माझ्या बाबांनी १९९४ ला रंगीत टीव्ही घेतला तेव्हा ते शिक्षक होते आणि पाच महिन्यांचा पगार त्यात गेला होता. दोन वर्षं हप्ते फेडले. आज माझ्या घरी काम करणाऱ्या मावशींकडे ३२ इंची टीव्ही आहे. धंदा गेला याचं दुःख मला समजतं, पण स्वस्ताईचा फायदा कुणाला झाला तेही पाहायला हवं. संरक्षण म्हणजे शेवटी तुमच्या-माझ्या खिशातूनच जाणारे पैसे.

जकातनाका

मी सीमाशुल्काच्या कामात २८ वर्षं काढली, आता निवृत्त, मुक्काम इस्लामपूर. इथे गल्लत होते ती थोडी सोडवतो.

१९९६ च्या डिसेंबरात सिंगापूरला माहिती तंत्रज्ञान करार झाला. भारत १९९७ मध्ये त्यात गेला आणि २१७ वस्तूंवरचा आयातकर टप्प्याटप्प्याने शून्यावर आणायचं कबूल केलं. बहुतेक वस्तू २००५ पर्यंत शून्यावर आल्या. यात संगणक, टेलिफोनची यंत्रं आणि चिप होत्या. टीव्ही नव्हता. त्यामुळे "त्या कराराने टीव्ही मेला" असं जे सर्रास लिहिलं जातं ते बरोबर नाही.

टीव्हीला धक्का दिला तो थायलंडबरोबरच्या सवलतीने. १ सप्टेंबर २००४ पासून ८२ वस्तूंवर कर निम्मा झाला, नंतर आणखी उतरला आणि सप्टेंबर २००६ मध्ये शून्य. त्या यादीत रंगीत टीव्ही होता आणि पिक्चर ट्यूबही होती. आता कुपवाडच्या शेडकडे पाहा. तयार माल बिनकराचा येतो, आणि तोच माल इथे करायचा तर तार, फेराइट, रसायनं यांवर कर भरा. आम्ही याला उलटी करआकारणी म्हणायचो. कच्च्या मालावर जास्त आणि पक्क्या मालावर कमी. असं असेल तर शहाणा कारखानदार माल बनवणं सोडून माल आणू लागतो. त्यात त्याचा दोष काय? पुढे २०१० मध्ये आसियान देश आणि कोरिया यांच्याशी झालेले करारही लागू झाले.

त्यावर आपली घरची ओझी. पुण्याहून तार आणली की जकात, बँकेचं व्याज चढं आणि भारनियमन. वार्निश वाळवायच्या भट्टीची वीज मध्येच गेली की लॉट वाया. कृष्णाकाठ, तुमच्या आईंना हे माझ्यापेक्षा चांगलं माहीत असेल.

मिरजकर ताई, तुमचा मुद्दा मला मान्य आहे. १९९१ च्या आधीचे कर फार चढे होते आणि त्या आडोशाला सुस्तीही आली होती. पण दार उघडायचंच होतं तर आधी कच्च्या मालाचं उघडायला हवं होतं. आपण क्रम चुकवला, असं माझं प्रामाणिक मत आहे.

वाचनवेडी_मिरज

हे क्रमाचं मला माहीत नव्हतं. धन्यवाद काका.

तासगावकर

आमच्या बेदाण्याचं तेच. बाहेरचा माल बाजारात उतरला की सौद्यात दर खाली. शेतकरी निदान पुढच्या छाटणीला उभा राहतो, कारखाना एकदा उठला की उठलाच.

ओगलेवाडीचा (कराड, सध्या ओसाका)

अकरा वर्षं जपानमध्ये इलेक्ट्रॉनिक्समध्येच आहे. तुम्ही चीनबद्दल बोलताय, पण ज्यांचे सेट पाहून आपण मोठे झालो त्या जपान्यांचं काय झालं ते बघाच.

१९८८ च्या सुमारास जगातल्या निम्म्या चिप जपानच्या होत्या. २०१९ पर्यंत हा वाटा दहा टक्क्यांच्या घरात आला. आधी १९८५ चा प्लाझा करार (डॉलर उतरवायचा, बड्या देशांमधला) झाला, डॉलरमागे २४० असणारा येन दोन-तीन वर्षांत १२० च्या आसपास आला, म्हणजे त्यांचा माल जगात एकदम दुप्पट महाग. १९८६ मध्ये अमेरिकेने चिपच्या किमतींवर करार करायला लावला. त्या वेळी कोरिया मागून येत होता. एल्पिडा ही त्यांची मेमरी बनवणारी मोठी कंपनी २०१२ मध्ये दिवाळखोरीत निघाली आणि अमेरिकन मायक्रॉनने ती घेतली.

टीव्हीचं तर डोळ्यादेखत झालं. मार्च २०१२ ला संपलेल्या एका वर्षात पॅनासॉनिकचा तोटा ७७ हजार कोटी येनच्या वर, सोनीचा ४५ हजार कोटींच्या वर, शार्पचा ३७ हजार कोटींच्या वर. शार्पने साकाईला अजस्र काचेचे पॅनेल करणारा कारखाना २००९ मध्ये सुरू केला होता. तो माझ्या घरापासून लोकलने फार लांब नाही. २०१६ मध्ये शार्प तैवानच्या फॉक्सकॉनकडे गेली आणि ऑगस्ट २०२४ मध्ये साकाईत टीव्हीचे पॅनेल बनणं थांबलं. तोशिबाचा टीव्ही २०१८ पासून चीनच्या हायसेन्सकडे आहे. हे लोक आळशी नव्हते, त्यांचा माल कच्चाही नव्हता. तरी हे झालं.

पण कृष्णाकाठ, तुमच्या डब्यातल्या काळ्या तुकड्यांवर मी अडखळलो. फेराइटचा शोध १९३० मध्ये टोकियोच्या तंत्रविद्यापीठात लागला. १९३५ मध्ये टीडीके ही कंपनी फेराइट बाजारात आणण्यासाठीच निघाली. आज जपानी टीव्ही दुकानात शोधावा लागतो, टीडीके मात्र उभी आहे. मुराताचे कपॅसिटर, शिन-एत्सूच्या सिलिकॉन चकत्या, सोनीचे कॅमेऱ्याचे सेन्सर, हे जगाला अजून इथूनच घ्यावं लागतं. वरचं खोकं गेलं आणि आतला जिन्नस राहिला. आपल्याकडे दोन्ही गेलं.

माझ्या आयडीबद्दल विचारणा होते म्हणून एक सांगतो. माझं आजोळ ओगलेवाडीचं. तिथल्या काचकारखान्याचा प्रभाकर कंदील महाराष्ट्रात घरोघर होता, परदेशी कंदिलांना टक्कर देत होता. ओगले मंडळींनी काचेचं तंत्र शिकून घेतलं होतं. विद्या आणली, भट्टी इथे पेटवली, काच इथे ओतली. लहानपणी आजोबा तो कंदील पुसताना काच उजेडाकडे धरून दाखवायचे, एकही बुडबुडा नाही बघ म्हणायचे.

सोल्डरगन (सातारा)

ओगलेवाडीकर, प्रभाकर कंदील माझ्या दुकानात आहे, वीज गेली की अजून लावतो.

दोन्ही गेलं हे तुम्ही नेमकं बोललात. पण एक भर घालतो. आपली ट्यूब जाण्यात परदेशी मालाइतकाच हात तंत्र बदलण्याचा आहे. २००५ मध्ये व्हिडिओकॉनने फ्रान्सच्या थॉमसनचा पिक्चर ट्यूबचा धंदा विकत घेतला, पोलंड, इटली, मेक्सिको, चीन इथल्या कारखान्यांसकट. तेव्हा आम्ही मेकॅनिक लोक छाती फुगवून बोलायचो, आपला मराठवाड्याचा कारखाना जगात पोचला म्हणून. आणि त्याच सुमाराला माझ्या दुकानात पहिला एलसीडी दुरुस्तीला आला. उघडला, तर आत ना एलओटी, ना योक (ट्यूबच्या मानेवरची कॉइल), ना डिगॉसिंग कॉइल. एक काचेचं पॅनेल, दोन बोर्ड, चार फिती. पॅनेल गेलं तर दुरुस्ती नाही. मी तो सेट तसाच बंद केला आणि त्या दिवशी लवकर घरी गेलो.

कृष्णाकाठ (सांगली)

सोल्डरगन काका, म्हणजे आईची डिगॉसिंग कॉइल तशीही जाणारच होती. हे मान्य करायला जड जातंय, पण खरं आहे.

तरी ट्रान्सफॉर्मर आणि चोक गेले नाहीत ना? मोबाइलच्या चार्जरमध्ये ट्रान्सफॉर्मर आहे, एलईडी दिव्यात आहे, इन्व्हर्टरमध्ये आहे, गाडीच्या चार्जरमध्ये आहे. तार, बॉबिन, फेराइट सगळं तेच, आकार बदलला. २००५ ते २०१५ मध्ये शेड चालू राहिली असती तर त्या १४ बायका आज हेच करत असत्या आणि त्यांनी आणखी पन्नास जणींना शिकवलं असतं. माझी सल ही आहे. मधली दहा वर्षं तुटली आणि हात मोकळे झाले. त्यातल्या दोघी पुढे द्राक्षाच्या पॅकिंगला गेल्या, एक मुलाकडे इचलकरंजीला.

फीडरलाइन

मी वालचंदची, २०१९ ची इलेक्ट्रॉनिक्सची बॅच. सध्या चेन्नईजवळ एका मोबाइलच्या कारखान्यात एसएमटी लाइनवर, म्हणजे बोर्डावर सुटे भाग बसवणाऱ्या यंत्रांवर आहे. कंपनीचं नाव नको.

कृष्णाकाठ दादा, तुमची पोस्ट मी रात्रपाळीच्या सुट्टीत वाचली आणि लाइनवर जाऊन मुद्दाम रीळ बघत फिरले. आमच्याकडे सुटे भाग फितीच्या रिळांवर येतात. मशीन त्यातून एकेक उचलून बोर्डावर ठेवतं. सर्वात लहान कपॅसिटर ०.६ मिलिमीटर लांब आणि ०.३ रुंद, खसखशीच्या दाण्याहून बारीक. चांगल्या फोनमध्ये असे हजाराच्या आसपास असतात. रिळावरची लेबलं वाचत गेले. जपान, चीन, तैवान, कोरिया, मलेशिया, फिलिपिन्स. पूर्ण लाइनवर भारताचं लेबल मला फक्त खोक्याच्या पुठ्ठ्यावर दिसलं.

आपल्या फोनवाल्यांचं काय झालं तेही इथे यायला हवं. मायक्रोमॅक्स, लाव्हा, कार्बन, इंटेक्स. २०१४ मध्ये यांचा दबदबा होता. पण फोन बहुतेक तिकडूनच करून आणलेले, वर आपलं नाव. जुलै २०१४ मध्ये शाओमी आली. मग तिकडचे कारखाने आणि ब्रँडच इथे दुकान मांडून बसले. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ आलं आणि सगळ्यांना ४जी हवं झालं, आपल्या कंपन्यांच्या गोदामात ३जीचे फोन. नोव्हेंबरात नोटाबंदी. दोन वर्षांत बाजारातून जवळजवळ पुसले गेले. काकांनी सांगितलेल्या किटच्या टीव्हीची गोष्टच परत घडली की ही.

पण मला निराश लिहायचं नाही. २०१६ पासून चार्जर, बॅटरी, मग २०१८ मध्ये जोडलेले बोर्ड, अशा क्रमाने आयातकर लावत गेले म्हणून हे कारखाने इथे आले. आता देशात विकले जाणारे जवळजवळ सगळे फोन इथेच जोडले जातात. माझ्या लाइनवर निम्म्याहून जास्त मुली आहेत आणि त्यांच्या हाताला मी पाहते, सोल्डरचा जोड चुकला तर भिंगाशिवाय ओळखतात. मार्च २०२५ मध्ये सुट्या भागांसाठी २२,९१९ कोटींची वेगळी योजना मंजूर झालीय. ती रिळांच्या लेबलांपर्यंत पोचली पाहिजे.

जकातनाका

पोरी, फार छान लिहिलंस. या करांवर युरोपीय संघ, जपान आणि तैवान जागतिक व्यापार संघटनेत गेले आणि एप्रिल २०२३ मध्ये निकाल आपल्याविरुद्ध लागला. १९९७ चा शब्द अजून मानगुटीवर आहे. म्हणून कराची भिंत कायमची धरून चालता येणार नाही. त्या आडोशाला मिळालेली वर्षं सुटे भाग बनवायला शिकण्यात गेली तरच उपयोग. टीव्हीच्या वेळी आडोसा होता तेव्हा आपण पट्ट्या चिकटवत बसलो.

कुपवाडची_सून

माझ्या सासूबाई त्या शेडमध्ये होत्या बहुतेक! वर्णन वाचून दाखवलं तर म्हणाल्या, पंधरा दिवस बॉबिन सोडवल्यात मी. त्यांनी तुमच्या आईंना नमस्कार सांगितलाय. अजून शिवणाच्या मशीनवर बॉबिन भरताना तोंडाने वेढे मोजतात, आम्हाला नेहमी नवल वाटायचं.

कृष्णाकाठ (सांगली)

ताई, आईला आत्ता वाचून दाखवलं. बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, त्यांना रविवारी घेऊन ये म्हणावं. नंबर व्यक्तिगत निरोपात पाठवतो.

मी तिला सरळ विचारलं, चीनने मारलं असं तुला वाटतं का. म्हणाली, "त्यांच्याही बायकाच गुंडाळत असतील की रे. त्यांना तार वेळेवर मिळाली, वीज मिळाली, पैसे मिळाले. मला तिन्ही मिळालं नाही."

फीडरलाइन, तू दिवाळीला सांगलीला आलीस तर घरी ये. आईला तुझी ती खसखशीएवढी वस्तू बघायची आहे.

फीडरलाइन

नक्की येते. आणि मला हाताने एक ट्रान्सफॉर्मर गुंडाळायचाय. चार वर्षं कॉलेजात सूत्रं सोडवली, एकही वेढा मारला नाही.

सोल्डरगन (सातारा)

कृष्णाकाठ दादा, मशीन चालू आहे म्हणालात म्हणून विचारतो. माझ्याकडे वाईच्या एका आजोबांचा व्हॉल्वचा मर्फी रेडिओ आलाय. ठाण्याच्या कारखान्यातला, लाकडी कॅबिनेट, डायल अजून चकचकीत. सांगली केंद्र लावून सकाळची भक्तिगीतं ऐकायची आहेत म्हणतात. सगळं नीट आहे, आउटपुट ट्रान्सफॉर्मर तेवढा जळालाय. बाजारात त्या मापाचा नवा मिळत नाही, पुण्यात दोघांना विचारलं, कुणी हाताने गुंडाळून देत नाही. आईंना विचारून बघाल का? घाई नाही.

कृष्णाकाठ (सांगली)

विचारलं. चष्मा मागितला आणि डबा खाली काढायला लावला.

तिचा प्रश्न असा आहे: जळकी तार सोडवताना वेढे मोजलेत का? मोजले नसतील तर बॉबिनला हात लावू नका, आहे तशीच एसटीच्या पार्सलने पाठवा. ती स्वतः सोडवून मोजते म्हणाली. काउंटरचा शेवटचा आकडा अडकलाय हे सांगितलं, तर म्हणाली, तोंडाने मोजता येतं.